थांबा गेलेलं निंबखेड

“सुभद्रे, पदर धर माहा.”

“धरला वो. पडशीन तं मलेई घिऊन पडशीन,” म्हणत सुभद्रानं मैनाबाईचा पदर मुठीला गुंडाळला.

मैनाबाई शेवटच्या डब्याच्या दारात उभी होती. हातात फडक्यात बांधलेल्या नवऱ्याच्या, नत्थुजीच्या, बीपीच्या गोळ्या. दोघी अकोल्याला जठारपेठेत फुलं विकून परतत होत्या. पहाटे जाताना दुधाची गाडी मिळते, येताना हीच रेल्वे. आणि ती आता निंबखेडला थांबत नाही. पॅसेंजरची एक्स्प्रेस केली म्हणे. डबे तेच, तुंबलेले संडास तेच, फक्त गावाचा थांबा खाल्ला. फलाट आहे, बाक आहे, पिवळी पाटी आहे. माणसंही आहेत, पण त्यांना विचारतो कोण?

मग बायकांनी आपली रीत काढली. निंबखेडच्या वळणावर गाडी जराशी मंदावते. तिथं सामान फलाटावर फेकायचं, आपण मुर्तिजापूरला उतरायचं आणि रुळाच्या कडेनं उन्हात मागं चालत यायचं. नत्थुजी रोज बाकावर बसून असे. एक अंग लकव्यानं गेलेलं, तरी गाठोडं उचलून तो काठी वर करायचा. काठी दिसली की मैनाबाई आत येऊन बसायची.

गोळ्या संपून आठवडा झाला होता. दवाखान्यात रोज ‘उद्या या’ म्हणत. आज मिळाल्या.

वळण आलं. नत्थुजी बाकावर नव्हता. बाकाखाली आडवा पडला होता. काठी लांब.

मैनाबाईनं गोळ्या फेकल्याच नाहीत. तिनं साखळी ओढली. ओढली कसली, लटकली तिला.

गाडी किंचाळत थांबली. शेवटचा डबा फलाट सोडून थोडा पुढं गेला होता. ती उडी मारून मागं पळाली. नत्थुजीला घरघर लागली होती. फुलांचं ओलं बारदान तिच्या खांद्यावरच होतं, ते तिनं त्याच्या तोंडावर पिळलं. गाडी अमरावतीला जाणारी. तिथं मोठा दवाखाना. एकदा डब्यात घातलं की झालं.

तेवढ्यात गाव पळत आलं. नत्थुजीसाठी नाही. गाडी थांबलेली दिसली म्हणून. कोणाच्या डोक्यावर वांग्याची टोपली, कोणाच्या हातात पिशवी. सगळ्यांच्या पुढं शेजारची गोदाबाई, धापा टाकत, हसत.

“थांबा देल्ला का वो आपल्याले?”

“ह्यायले उचला,” मैनाबाई म्हणाली. “गाडीत टाका. पाया पडतो तुमच्या.”

टोपल्या खाली आल्या. चौघांनी त्याला उचललं. डब्यात लोक उशीर झाला म्हणून शिव्या देत होते. सुभद्रा दारात बसून दोन्ही हात पसरून होती. खडीवर चौघांचे पाय सरकत होते, दाराची पायरी छातीइतकी उंच. मागून गार्ड ओरडत होता, इथं थांबा नाही, बाजूला व्हा. शिटी झाली. गाडी हलली. नत्थुजीला घेऊन चौघं धावले, सुभद्राची बोटं त्याच्या सदऱ्याला लागली, आणि सुटली.

त्याला बाकावर आणून ठेवलं तेव्हा घरघर ऐकू येत नव्हती.

टोपल्या तशाच पडून होत्या. मैनाबाईनं गोळ्या त्याच्या खिशात घातल्या. मग हापशीवर जाऊन बारदान भिजवून आणलं आणि फुलं झाकतात तसं त्याच्या अंगावर टाकलं, ऊन लागू नये म्हणून.