बाळं तोलणारं स्टेशन

मित्रांनो, मी एक जुनं रेल्वे स्टेशन आहे. जुनं म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर मोठा घुमट येईल, भलंमोठं घड्याळ येईल. तसला थाट माझ्याकडे नाही हो! एक फलाट, दोन खोल्या आणि पाण्याचा नळ, संपलं. गाडीत तुम्हाला जरा डुलकी लागली, तर डोळे उघडेपर्यंत मी मागे राहिलेलो असतो.

रूळ टाकणाऱ्या मजुरांनी उरल्यासुरल्या दगडांत मला बांधलं. म्हणून माझी एक भिंत काळी आणि बाकीच्या पांढऱ्या. लोक हसायचे. पण गावची पत्रं, औषधं, बियाणं, सारं माझ्याच दारातून आत यायचं. माझ्या नळावर अख्खी वस्ती पाणी भरायची आणि भांडायचीही तिथेच.

पार्सल खोलीत एक लोखंडी वजनकाटा होता. एरवी त्यावर पोती चढायची आणि आठवड्यातून एकदा तान्ही बाळं! जवळपास दुसरा धड काटाच नव्हता. बाळाला टोपलीत ठेवायचं, टोपलीचं वजन वजा करायचं, की पोर्टर खणखणीत आवाजात आकडा सांगायचा. बाळं त्याच्याहून मोठ्याने ओरडायची. स्टेशनमास्तर कानांवर हात ठेवून म्हणायचे, "याच्यापेक्षा पोती बरी, गप्प तरी बसतात!"

फाटकवाल्याची सूनही आपली तान्ही लेक घेऊन यायची. तिचं आधीचं मूल वाचलं नव्हतं आणि ही पोरही अगदीच किरकोळ होती. शहरातल्या डॉक्टरांनी तिला बजावलं होतं, "दर आठवड्याला वजन करा. वाढलं नाही, तर लगेच इकडे घेऊन या." ती यायची तेव्हा तिचा जीव नुसता टांगणीला लागलेला असायचा. पोर्टर आकडा सांगायचा, "वाढलंय, सूनबाई!" आणि ती हसत घरी जायची.

एके दुपारी पोर्टर सिग्नलचे दिवे पुसायला गेला होता, म्हणून मास्तरांनीच पोरीला तोललं. वजन मागच्या आठवड्यापेक्षा कमी भरलं. काटा बिघडला असेल म्हणून त्यांनी वजनाचं माप ठेवून पाहिलं. काटा चोख होता. तेवढ्यात पोर्टर आत आला आणि दारातच थिजला.

"दर वेळी मीच बोटाने टोपली हळूच दाबत होतो," तो कसाबसा म्हणाला. "तुझा उतरलेला चेहरा बघवत नव्हता गं, पोरी."

सुनेने लेकीला टोपलीतून उचलून छातीशी धरलं. मास्तर भडकले, "अरे शहाण्या, धीर द्यायचा तर तोंडाने द्यायचास! बोटाने कशाला?"

शहराची गाडी निघून गेली होती आणि पुढची थेट संध्याकाळी. मास्तरांनी फोन उचलला, वरच्या साहेबांच्या विनवण्या केल्या आणि कधीही न थांबणारी मालगाडी माझ्या फलाटाला थांबवली. गार्डाच्या डब्यात मायलेकी चढल्या. पोर्टरही चढला, कुणी त्याला नको म्हटलं नाही. गाडी दिसेनाशी झाली, तरी फाटकवाला फलाटावर उभाच होता.

मायलेकींना दवाखान्यात सोडून पोर्टर परतला आणि बरेच दिवस गेले. मग एका सकाळी सून लेकीला घेऊन गाडीतून उतरली आणि तडक पार्सल खोलीत आली. पोर्टर लांब भिंतीला टेकून उभा राहिला, दोन्ही हात पाठीमागे बांधून. मास्तरांनी पोरीला तोललं, आकडा पाहिला आणि ते चष्मा पुसत बसले.

सून पोर्टरजवळ गेली. "काका, हात पुढे करा."

त्याने घाबरत हात पुढे केले. तिने लेक त्याच्या हातांवर ठेवली. "आता तुम्हीच सांगा, जड झाली का?"

एरवी खणखणीत आकडे सांगणारा तो माणूस नुसता मान डोलावत राहिला आणि डोळ्यांतलं पाणी पुसायला त्याचा एक हातही मोकळा नव्हता.

आता गावात दवाखाना झालाय. चांगलंच झालं! माझ्या पार्सल खोलीला कुलूप आहे, काटा गंजलाय, भिंतींवर कुणीकुणी आपली नावं कोरून ठेवलीत. जमलं तर झाडून पुसून घ्या मला, बरं वाटेल. पण त्याहून मोठं मागणं वेगळंच आहे. मित्रांनो, ज्यांच्यावर तुमची माया आहे, त्यांना खरं सांगत जा आणि वेळेवर सांगत जा. खरं कळलं, तर न थांबणारी गाडीही थांबवता येते.