युवराज या शब्दाचा अर्थ

कोशाच्या कचेरीत ताईला एकोणीस वर्षं झाली होती. तिच्याकडे 'य'पासून 'व'पर्यंतचे शब्द होते. चौथ्या मजल्यावरच्या लांबोळक्या खोलीत भिंतीला लागून लाकडी खणांची कपाटं होती. खणांत पोस्टकार्डाएवढ्या चिठ्ठ्या, आणि प्रत्येक चिठ्ठीवर एक शब्द, त्याचा अर्थ आणि तो कसा वापरतात हे दाखवणारं एक वाक्य. दर पंधरा वर्षांनी कोशाची नवी आवृत्ती निघे. तेव्हा सगळ्या चिठ्ठ्या बाहेर काढायच्या, नवे अर्थ घालायचे, आणि जे शब्द बोलण्यातून गेले त्यांच्यापुढे कंसात 'जुना' असा शेरा मारायचा.

"शब्द मेला असं म्हणायचं नाही," सर सांगत. "निवृत्त झाला म्हणायचं. मी एक दिवस होणार आहे तसा." सर मुख्य संपादक होते. सत्तरी उलटून गेली तरी तो दिवस काही उगवला नव्हता, आणि हा विनोद ते प्रत्येक नव्या माणसाला ऐकवत.

नव्या आवृत्तीची प्रुफं यायला लागली त्याच सुमारास सचिवालयातून एक माणूस आला. उन्हाळा असो की हिवाळा, अंगात एकच करडा कोट, म्हणून कचेरीने त्याचं नाव 'करडा' ठेवलं. त्याने एक लिफाफा सरांच्या टेबलावर ठेवला, पोच लिहून घेतली आणि चहा न घेता गेला. आत एक्केचाळीस शब्दांची यादी होती. राजपद, युवराज, राजमाता, उमराव, सरदार, सामंत, जहागीर, सिंहासन, मुजरा… खाली एक ओळ : 'या शब्दांपुढील "जुना" हा शेरा काढावा.'

सरांनी यादी मोठ्याने वाचून दाखवली. "घ्या! अख्खा दरबार परत कामावर रुजू झाला," ते म्हणाले, आणि सगळे हसले. देशातला शेवटचा राजा जाऊन ऐंशी वर्षं झाली होती. सव्वीस वर्षांपासून प्रमुखांचं राज्य होतं. दर पाच वर्षांनी ते निवडून येत, म्हणजे त्यांच्याविरुद्ध कोणी उभं राहत नसे. आता ते थकले होते, भाषणाच्या वेळी त्यांना खुर्ची लागायची, हे सगळ्यांना दिसत होतं. पण शेरा काढणं म्हणजे लाल शाईची एक रेघ. ताईने एका दुपारीत तिच्या वाट्याचे अकरा शेरे काढून टाकले.

महिन्याभराने करडा दुसरी यादी घेऊन आला. या वेळी तीनच शब्द होते आणि त्यांचे अर्थ बदलायचे होते. 'नागरिक'पुढे 'प्रजाजन' हा अर्थ वाढवायचा होता. 'वंश'मधून अर्धं वाक्य गाळायचं होतं. आणि 'युवराज : राजाचा थोरला मुलगा' याऐवजी 'युवराज : राजाने नेमलेला वारस' असं घालायचं होतं.

या वेळी सरांनी यादी मोठ्याने वाचली नाही. "ताई, दार लाव," ते म्हणाले.

दार लावून ती त्यांच्यासमोर बसली. सरांनी कागद तिच्याकडे सरकवला. तिने तो दोनदा वाचला.

प्रमुखांना दोन मुलगे होते. धाकट्यांच्या हाती राजधानीतली फौज होती. त्यांचं चित्र गेल्या वर्षापासून कचेरीच्या जिन्यातसुद्धा लागलं होतं. थोरले कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवायचे. त्यांचं चित्र कुठेच नव्हतं, पण कोशाच्या कचेरीत त्यांना सगळे ओळखत, कारण दर बुधवारी ते खालच्या वाचनालयात येत. झाडापानांची खेड्यापाड्यांतली नावं गोळा करायचा त्यांना नाद होता. "तुमच्या कोशात शेवाळाला एकच शब्द. मला सात सापडलेत. लाज वाटू द्या जरा!" असं म्हणून ते ताईपुढे आपल्या बारीक अक्षरातल्या चिठ्ठ्या टाकत. मग दोघं तासभर एखाद्या नावावर वाद घालत, आणि जाताना ते हटकून छत्री विसरत.

"म्हणजे प्रमुख राजा होणार, आणि थोरल्यांना बाजूला करणार?" ताईने विचारलं.

"बाजूला झालेला थोरला जिवंत असेल तर धाकट्याला झोप लागते का?" सर म्हणाले. मग त्यांनी चष्मा काढला आणि बराच वेळ पुसत बसले. "आपल्याला शब्दाचा अर्थ कळला. तो आपल्यापाशीच ठेवू. ऐकतेस ना?"

ती हो म्हणाली. त्या क्षणी तिला तसंच वाटत होतं.

पुढच्या बुधवारी थोरले आले. त्यांचा नवा ड्रायव्हर वाचनालयाच्या दाराशी स्टूल घेऊन बसला. आधीचा म्हातारा ड्रायव्हर खाली गाडीतच डुलक्या घ्यायचा. हा मात्र मान न हलवता आत बघत होता. थोरले खुशीत होते. त्यांच्या मुलीचा दात पडला होता आणि तो तिने बापाच्या सूक्ष्मदर्शकाखाली ठेवून पाहिला होता. ते सांगत होते, हसत होते, आणि ताईला ते ऐकवेना. ती वर गेली आणि दुरुस्ती केलेलं 'य'चं प्रूफ घेऊन खाली आली.

"तुमचा एक शब्द या पानावर आलाय. जरा बघता का?"

त्यांनी पान हातात घेतलं. त्यांचं बोट ओळीओळीवरून खाली सरकत गेलं आणि लाल शाईपाशी थांबलं. ताई समोरच्या खिडकीकडे बघत राहिली.

"ही दुरुस्ती कुणी सुचवली?" त्यांनी हळूच विचारलं.

"वरून आली."

"छपाई कधी?"

"महिनाअखेर."

त्यांनी पान परत दिलं. चेहरा पांढरा पडला होता, पण आवाज दाराशी ऐकू जाईल इतका मोठा होता. "बरोबर आहे. माझीच चूक होती." मग चिठ्ठ्यांचा गठ्ठा तिच्याकडे सरकवत ते पुटपुटले, "या तुमच्या कपाटात ठेवा. मुलगी मोठी झाल्यावर मागेल कदाचित." त्या दिवशी छत्री घेऊन ते गेले.

रविवारी सकाळी ताई भाजी निवडत होती आणि तिची आई रेडिओला कान लावून बसली होती. आईला ऐकू कमी यायचं, त्यामुळे बातम्या अख्ख्या इमारतीला कळत. प्रमुखांचे ज्येष्ठ चिरंजीव उपचारांसाठी सहकुटुंब परदेशी गेले आहेत, असं निवेदक म्हणाला.

"अगं, हा तर बुधवारी तुमच्याकडे आला होता ना?" आई म्हणाली. "खोकत होता का?"

"नाही गं."

"मग पोटाचं असेल. असल्या लोकांचं पोटाचंच असतं."

ताईने हसायचा प्रयत्न केला. छातीवरचं ओझं उतरल्यासारखं वाटलं. पळाले म्हणायची लाज, म्हणून उपचार म्हणत होते; ती माणसं सुटली होती. दिवसभर ती हलकी होती. संध्याकाळी मात्र दाराची कडी दोनदा तपासली.

सोमवारी करडा आला तेव्हा त्याच्याबरोबर आणखी दोघं होते. सगळ्यांना उभं राहायला सांगितलं. "बुधवारी वाचनालयात एका वाचकाला एक छापील कागद दाखवला गेला. त्यावर लाल शाई होती," करडा म्हणाला. आवाज अगदी साधा, हरवलेली किल्ली शोधावी तसा. "असे कागद दोघांकडेच असतात. मुख्य संपादक आणि 'य'च्या संपादक. दाखवला बाईंनी, हे आम्हाला माहीत आहे. पाठवला कुणी?"

ताईने तोंड उघडलं. एवढ्यात सर एक पाऊल पुढे आले.

"मी पाठवला," सर म्हणाले. "तिला काय कळतंय? मी म्हटलं, शेवाळाचा शब्द बघून घे त्यांच्याकडून. ती गेली."

"सर…" ताई म्हणाली.

"तू गप्प बस. एकोणीस वर्षं झाली तरी ऱ्हस्वदीर्घ चुकतं, आणि मधे बोलते." सर तिच्यावर कधी ओरडले नव्हते. त्यांनी पेनाला टोपण लावलं, शाई लागू नये म्हणून हातांवर चढवलेल्या सुती बाह्या उतरवून त्यांची घडी केली, आणि त्या दोघांच्या मधून चालत गेले. जिन्यावरून पावलं उतरत गेली. चार मजले. खोलीत कोणी कोणाकडे बघितलं नाही.

ताई बोलली नाही. पुढे कितीतरी दिवस ती स्वतःला सांगत राहिली की बोलायला वेळच मिळाला नाही. पण जिने उतरायला म्हाताऱ्या माणसाला वेळ लागतो, हे तिला माहीत होतं.

तीन दिवसांनी तिच्या टेबलावर नेमणुकीचं पत्र आलं. मुख्य संपादक. सोबत तिसरी यादी, आणि तिच्यात एकच शब्द : राजद्रोह. ताईने जुनी चिठ्ठी काढली, अर्थ नीट उतरवला आणि उदाहरणाची जागा कोरी सोडली. करड्याने कागद वाचला.

"वाक्य नाही दिलंत."

"सुचलं नाही."

"हरकत नाही. वाक्य आम्ही देऊ," तो म्हणाला आणि कागद कोटाच्या खिशात ठेवला.

त्या दुपारी ताई पायी सरांच्या घरी गेली. सरांच्या पत्नीला सगळे काकू म्हणत. काकूंनी दार अर्धंच उघडलं. मागे जमिनीवर पुस्तकांचा ढीग पडला होता. झडती होऊन गेली होती.

"काकू, तो कागद सरांनी पाठवला नव्हता. मी…"

"माहीत आहे मला," काकू म्हणाल्या. "चाळीस वर्षं संसार केलाय त्यांच्याबरोबर. स्वतःहून कुणाला कागद दाखवण्यातले ते नव्हेत. भित्रा माणूस." डोळे कोरडे होते. "काल मी ठाण्यावर डबा घेऊन गेले, तर तिथले लोक म्हणाले, इथे असं कोणी नाही. कुठे आहेत तेही सांगत नाहीत. तू बोलली असतीस तर दोघंही गेला असतात, एवढं मला कळतं. पण तुला घरात घेणं मला जमणार नाही, ताई. जा तू."

दार लागलं.

ती खाली आली तेव्हा पलीकडे एक काळी गाडी उभी होती. ती चालू लागली तशी गाडीही हलली. रस्त्यावर ऊन होतं, दुकानं उघडी होती, एक बाई पायरी धूत होती, आणि गाडी माणसाच्या चालीने तिच्या मागून येत होती. ताईने रस्ता बदलला. गाडीने बदलला. ती एका दुकानासमोर काचेत बघत उभी राहिली. गाडी थांबली. शेवटी ती वळली आणि सरळ गाडीपाशी गेली.

"काय हवंय तुम्हाला?"

ड्रायव्हर उतरला. वाचनालयाच्या दाराशी बसणारा तोच माणूस. त्याने टोपी काढली, कंबरेत वाकला आणि मागचं दार उघडून धरलं.

"गाडी आपलीच आहे, बाईसाहेब," तो म्हणाला. "आपल्याला राजकोशकार ही पदवी मिळाली. सकाळीच हुकूम निघालाय. पदवीबरोबर गाडी असते, आणि मी असतो. आता आपण पायी फिरायचं नाही. आईसाहेबांना तासाभरापूर्वीच नव्या घरी नेऊन सोडलंय."

"कुठे?"

"बसा ना. तिकडेच जायचंय."

पायरी धुणारी बाई हात थांबवून बघत होती. ताईने तिच्याकडे पाहिलं तशी ती लगबगीने आत गेली. ताई गाडीत बसली. ड्रायव्हरने दार हलकेच लावलं. आतल्या बाजूला दार उघडायची मूठ नव्हती.