मिलोयकाबाईंचे तेलोह

तेलोह हे फुलझाड फुलतं भर थंडीत, बर्फ पुरतं वितळायच्या आधी. बहुतेक लोक तो अंगणात लावतात. मिलोयकाबाईंना स्वतःचं अंगण नव्हतं. तिसऱ्या मजल्यावर उत्तरेकडे तोंड केलेली बाल्कनी होती, तिथे त्यांनी उंच डब्यांत तेलोह लावले, कारण त्याची मुळं सरळ खाली जातात. नऊ वर्षांपूर्वी बुटांच्या कारखान्यातून निवृत्त झाल्यावर त्यांनी ब्रशने एका फुलाचे पराग दुसऱ्याला लावून स्वतः बी धरवलं. पहिलं फूल यायला चार वर्षं गेली. आलं ते जवळजवळ काळं, पाकळीला हिरवी कड. असं फूल सबंध गावात कुणाकडे नव्हतं.

ऑगस्टमध्ये, ऐन उन्हाळ्यात, इमारतीच्या बाहेरच्या भिंतींचं काम निघालं आणि सगळ्यांना बाल्कन्या रिकाम्या करायला सांगितलं. बाईंनी सोळा डबे खाली इमारतीच्या सामाईक अंगणात चेस्टनटच्या झाडाच्या सावलीत नेऊन ठेवले. आठवडाभर बहिणीकडे राहून परत आल्या, तर तिथे एकही डबा नव्हता.

"कामगारांनी कचऱ्यात टाकले असणार," रहिवासी समितीचे अध्यक्ष हिंको म्हणाले. "तो बोस्नियाचा फिक्रेत अंगण साफ करत होता. तशी झाडं सगळी वाळलेलीच दिसत होती, बाई."

उन्हाळ्यात तेलोह मरगळलेलाच दिसतो, हे त्यांना सांगत बसण्यात अर्थ नव्हता. बाई तडक अंगणात गेल्या.

"मी हात लावला नाही, बाई," फिक्रेत म्हणाला.

"मग काय, पाय फुटले त्यांना? दुसऱ्याच्या नऊ वर्षांच्या कष्टांना तू कचरा समजतोस?"

सगळ्या बाल्कन्यांतून माणसं बघत होती. बाई तेवढ्यावर थांबल्या नाहीत. त्यांनी तक्रार लिहिली, हिंकोंनी तिच्यावर सही केली आणि कंत्राटदाराने फिक्रेतला कामावरून काढलं.

फेब्रुवारीत, पुस्ताच्या, म्हणजे उपवासांआधीच्या मेजवानीच्या मंगळवारी, हिंकोंनी शेजाऱ्यांना डोंगरातल्या आपल्या छोट्या घरी जेवायला बोलावलं. रक्ताचं सॉसेज, आंबवलेला सलगम, जर्दाळूचा जॅम भरलेले तळलेले गोड क्रोफ. हातात क्रोफ घेऊन बाई मागच्या पायऱ्यांकडे गेल्या आणि जागीच थांबल्या.

निळ्या चकचकीत कुंड्यांत अकरा तेलोह होते. मधल्याला ती काळी फुलं, हिरव्या कडेची. कुंड्या उथळ, मुळं मातीबाहेर आलेली. जुनी पानंसुद्धा कापली नव्हती, त्यांच्यावर काळे डाग पडले होते.

बाईंनी क्रोफ कठड्यावर ठेवला.

"हिंको, इकडे ये."

तीस वर्षांत बाईंनी त्यांना कधी 'तू' म्हटलं नव्हतं. हिंको रुमालाने मिशा पुसत बाहेर आले.

"बाई, ती तिथे मरत पडली होती. मी वाचवली. पाच गेली, पण बाकीची..."

"वाचवलीस? मग मला सांगितलं का नाहीस? मी त्या पोरावर ओरडत होते तेव्हा तू खिडकीत उभा होतास. सही तूच केलीस."

"मग सांगायचं राहून गेलं."

"राहून गेलं," बाई म्हणाल्या. "तुझ्या कुंड्या मला नकोत. त्या तू ठेव."

त्यांनी एकेक कुंडी आडवी करून मातीच्या गोळ्यासकट झाड बाहेर काढलं. हिंकोंच्या बायकोने सफरचंदांच्या पेट्या आणून दिल्या आणि स्वतःही गुडघे टेकून मदतीला बसली. पाहुणे दारात ताटकळत उभे. अकरा झाडं भरून झाल्यावर बाई म्हणाल्या, "आता गाडी काढ." हिंकोंनी त्यांना घरी सोडलं.

घरी पोचल्यावर बाईंचा राग हिंकोंवर राहिला नाही, स्वतःवरच उलटला. फिक्रेतचा पत्ता काढायला चार दिवस लागले. तो आता शेजारच्या गावातल्या लाकडाच्या वखारीत होता.

बाईंनी तिथे जाऊन त्याला सगळं सांगितलं. त्याने हातमोजे काढले नाहीत.

"इथे सांगून काय उपयोग?" तो म्हणाला. "त्या दिवशी माझी बायको जेवणाचा डबा घेऊन आली होती. फाटकाशी उभं राहून तिने सगळं ऐकलं. तुम्ही जिथे बोललात, तिथे बोला."

रविवारी सकाळी बाईंनी सगळी दारं ठोठावून माणसांना खाली उतरवलं. फिक्रेत बायकोबरोबर आला. बाईंनी आपली चूक मोठ्याने कबूल केली, काहीही लपवलं नाही. मग हिंकोंकडे वळल्या. हिंको आधी घसा खाकरत राहिले, शेवटी म्हणाले, "झाडं मी नेली होती."

"आणि?" बाई म्हणाल्या.

"आणि मी गप्प बसलो."

फिक्रेतने ऐकून घेतलं. बायकोकडे पाहिलं. तिने 'झालं, चला' अशी मान हलवली. हिंकोंनी पुढे केलेला हात त्याने घेतला नाही, बाईंचाही नाही. दोघं फाटकातून निघून गेले, आणि त्यात काही चुकलं असं बाईंना वाटलं नाही.