एक वीत आवाज

नीला गेल्यापासून किसनच्या पायांना घर मानवत नव्हतं. कंपनीतून आला की तो स्टोव्ह पेटवायचा, चहाला उकळी फुटायच्या आत विझवायचा आणि पुन्हा चपला घालायचा. पिंपरीच्या खोलीतून चिंचवड स्टेशनापर्यंत चालत जायचा, आणि काही काम नसल्यामुळे तिथून परत यायचा. शेजारच्या अंबुबाई दारातून म्हणायच्या, "किसनराव, बसा की जरा. रस्ता काय पळून जातोय व्हय?" तो हो म्हणायचा आणि चालू लागायचा.

नीला काविळीनं गेली, एक्याऐंशीच्या जानेवारीत. एकुलती मुलगी नगरला सासरी. चार महिने झाले आणि एके दिवशी किसनच्या ध्यानात आलं की तिचं बोलणं आठवतंय, पण आवाज आठवत नाही. शब्द यायचे, ते त्याच्या स्वतःच्याच आवाजात. तेव्हापासून त्याची झोप गेली.

आणि आवाज हेच तर नीलाचं काम होतं. लग्नानंतर दोन वर्षांनी, चौसष्ट साली, कामगारांच्या एका नाटकात तिनं पडद्यामागून रडक्या पोराचा आवाज काढला. समोरच्या बाया वळून वळून पोर कुणाचं ते बघायला लागल्या. पुण्यातल्या एका छोट्या स्टुडिओचे साहेब प्रेक्षकांत होते. ते मुलांसाठी कार्टूनच्या फिल्मा करायचे, दात घासा, पाणी उकळून प्या, अशा. त्यांनी नीलाला बोलावलं. मग पंधरा वर्षं ती महिन्यातून दोन-तीनदा बसनं पुण्याला जायची आणि डास व्हायची, पोपट व्हायची, किडलेला दात व्हायची. पडद्यावर तिचं नाव कधी आलं नाही. कंपनीत लोक किसनला चिडवायचे, "काय राव, वहिनी आज शेळी का कोंबडी?" तो म्हणायचा, "आज सुट्टी हाय. आज फक्त माझ्यावर वरडती."

स्टुडिओ बंद पडला, साहेब मुलाकडे परदेशी गेले. टेपरेकॉर्डर घरात कधी नव्हता.

जूनमध्ये अंबुबाईंची नात शाळेतून आली ती सांगत, "आज शाळेत शिनेमा दाखवला. त्यातली खार नीलाआजीसारखी बोलत होती."

किसननं दुसऱ्याच दिवशी शिनेमा दाखवणारी ती गाडी शोधून काढली. एका संस्थेची जुनी व्हॅन होती. शाळाशाळांतून मुलांना फिल्म दाखवत फिरायची. मशीन चालवणारे उद्धवराव परभणीकडचे, जाड भिंगांचा चष्मा लावणारे. त्या दिवशी खेळ तळवड्याला होता. शाळेच्या खिडक्यांना घोंगड्या लावून अंधार केला होता. किसन मागच्या भिंतीला टेकून उभा राहिला.

फिल्म खारीची आणि बेडकाची होती. खारीचा आवाज बारीक, चिरका. नीलाचा, पण नीलाचा नव्हे. आणि मग एका जागी बेडूक विहिरीत उडी मारायला जातो, खार फांदीवरून ओरडते, "अवो, थांबा की!" ती खार नव्हतीच. डबा विसरून निघालेल्या किसनला दारातून हाक मारणारी नीला होती ती. घाईत तिचा खरा आवाज निघून गेला असणार, आणि साहेबांनी तो तसाच ठेवला असणार. बेडूक म्हणाला, "डराव!" मुलं हसली. खेळ संपताच किसननं उद्धवरावांना विचारलं, उद्या गाडी कुठं?

त्यानं मारुतरावांना, म्हणजे टूलरूममधल्या सोबत्याला, गळ घालून आठवडाभर दुपारची शिफ्ट बदलून घेतली. सकाळी व्हॅन जिथं असेल तिथं सायकल मारत जायचा. त्या एका सेकंदासाठी वीस मिनिटं उभा राहायचा. फिल्म फार झिजली होती. चालता चालता तुटायची. उद्धवराव तुटकी टोकं कापून टाकायचे, सोल्युशन लावून जोडायचे. प्रत्येक खेळाला फिल्म थोडी आखूड व्हायची. किसन श्वास धरून बघायचा, आज कुठं तुटतेय.

"किसनभाऊ," उद्धवराव म्हणाले, "शुक्रवारी चाकणला शेवटचा खेळ. मग हे रीळ मोडीत. वितळवून चांदी काढत्यात त्याच्यातली."

"मला द्या."

"मला बी पोट हाय बाबा. रीळ जमा करावं लागतं."

"तेवढाच तुकडा द्या मग. खारीचा. माझ्या बायकोचा आवाज हाय त्यात."

"आज देतो म्हणलं तर उद्या पोरं काय बगतील? नका गळ घालू."

गुरुवारी निगडीला खेळ झाला. हेडमास्तरांनी उद्धवरावांना चहाला नेलं. रीळ उलटं गुंडाळायचं काम किसन आता स्वतःच करायचा. खोलीत कुणी नव्हतं. त्यानं फिल्म उजेडाला धरली, सरकवत सरकवत खारीपाशी आला. तोंड मिटलेलं, तोंड उघडलेलं, मग बेडूक. तोंड उघडलेली तेवढी चित्रं बरोबर एक वीत भरली. त्यानं कात्री लावली, आणि जोड असा घातला की नखालाही लागू नये. टूलरूममध्ये अठरा वर्षं काढली होती.

तुकडा शर्टाच्या खिशात घेऊन त्यानं शिफ्ट केली. दर दहा मिनिटांनी खिसा चाचपायचा. आपण वाजवू शकत नाही हे त्याला ठाऊक होतं. पण असू दे, जवळ असू दे, असं त्याला वाटत होतं. घरी गेल्यावरही अंथरुणावर पडला तो खिशावर हात ठेवूनच. आणि तरीही चैन नव्हती. उद्या चाकणला ती जागा येईल आणि तिथं काहीच येणार नाही. शेवटच्या पोरांना ती ऐकू येणार नाही. चोरी केली ती कुणाची, हे त्याला नीट सांगता येईना.

सकाळी तो चाकणला गेलाच. शाळेमागे कांद्याचा बाजार भरला होता, वर्गात तोच वास. फिल्म सुरू झाली. विहीर आली. फांदीवर खार आली, आणि एक झटका बसून खार दिसेनाशी झाली. पडद्यावर बेडूक. त्यानं भलंमोठं तोंड उघडलं, आणि त्या तोंडातून नीलाचा आवाज आला:

"अवो, थांबा की!"

पोरं लोळायला लागली. "बेडूक बाईसारखा बोलतोय! मास्तर, बेडूक बाई हाय!" किसन तोंड वासून बघत राहिला. हात आपोआप खिशाकडे गेला. तुकडा होता. मग हा आवाज कुठला?

मुलं गेली तशी उद्धवरावांनी घोंगडी न काढताच विचारलं, "कवा कापली?"

"काल."

"जोड बघूनच वळखलं. माझे जोड वाकडे असत्यात. हा सरळ हाय." ते खुर्चीवर बसले. "बाबा, चित्र कापलं तुमी. आवाज चित्राजवळ नसतो. मशिनीत आधी चित्राचं भिंग हाय, त्याच्या खाली वीतभर गेल्यावर आवाज वाचायचा दिवा. म्हणून आवाज एक वीत आधीच छापून ठेवत्यात. खारीचा आवाज तुमच्या कात्रीच्या अलीकडंच राहिला. तुमच्या खिशात काय हाय सांगू का?"

"काय?"

"डराव."

किसननं खिशातला तुकडा काढून बघितला. मग त्याला हसू फुटलं, ते आवरेना. "रातभर बेडूक उराशी धरून निजलो म्हणा की!" उद्धवरावही हसले. हसता हसता किसनचे डोळे वाहायला लागले तेव्हा उद्धवरावांनी चष्मा काढून पुसायला घेतला.

"आना तो तुकडा," ते म्हणाले. "खेळ संपले आता. मोडीत जाताना चार हात कमी भरलं, तर म्हणीन झिजून गेलं."

त्यांनी किसनचा तुकडा जागेवर बसवला. मग मागचीपुढची धरून चार हात फिल्म कापली आणि तिची दोन टोकं एकमेकांना जोडून माळ केली. माळ मशीनमधून ओवून खुर्चीच्या पाठीवरून फिरवली. "स्टुडिओत असंच करत्यात. तेवढंच चित्र गरगर फिरत ऱ्हातं, आन् बोलणारा पडद्यापुढं हुबा राहून जमेस्तवर बोलत बसतो. वहिनींनी बी असंच केलं असंल."

मशीन सुरू झालं. खार आली. "अवो, थांबा की!" डराव. दहा सेकंदांनी पुन्हा खार. "अवो, थांबा की!" डराव.

किसन भिंतीला टेकून उभा नव्हता आता, पहिल्यांदाच पोरांच्या सतरंजीवर खाली बसला. पाच वेळा, दहा वेळा. प्रत्येक वेळी छातीत कळ यायची. पंधराव्या वेळी जरा कमी आली. विसाव्या वेळी त्यानं कान टवकारले. पंचविसाव्या वेळी ते तीन शब्द होते, तिसाव्या वेळी नुसता आवाज, बेडकाच्या आवाजासारखा. नीला त्यातून निघून चालली होती.

"बंद करा," तो उठत ओरडला. "उद्धवराव, बंद करा! झिजतंय!"

"फिल्म हाय चांगली अजून."

"फिल्म न्हाई ओ."

मशीन थांबलं. उद्धवरावांनी माळ गुंडाळली, कागदात बांधली आणि त्याच्या हातात दिली. किसननं ती खिशात न ठेवता पिशवीत ठेवली, तळाला. शिफ्टला उशीर होत होता. सायकल पंक्चर होती म्हणून तो बसनं आला होता, बसनंच परत निघाला.

बसमध्ये कांद्याच्या पोत्यांवर पाय ठेवून माणसं बसली होती. किसन दांडीला धरून उभा होता, उगाच कानावर जोर देत. ते तीन शब्द आठवून बघितले. नुसती खार आली. त्यानं नाद सोडला, कंडक्टरला पैसे दिले, सुटे मोजून घेतले. तेवढ्यात, खडखडाटात, कानाच्या अगदी जवळ कुणीतरी म्हणालं, "मीठ पडलंय का ओ भाजीत? मला काय कळंना आज."

नीलाचं आजारपणातलं बोलणं ते. थकलेलं, जरा घोगरं. कुठल्याही फिल्ममध्ये नव्हतं.

"पडलंय," किसन म्हणाला. शेजारच्या बाईनं त्याच्याकडे चमकून पाहिलं. त्या दिवशी त्यानं हे उत्तर दिलं होतं की नाही, तेवढं मात्र काही केल्या आठवेना. कंपनीचा थांबा आला, तरी तो तसाच उभा राहिला.