मनचाट्यांचं सोवळं

बकुळाने तांबोशी माशाचं डोकं एका घावात वेगळं केलं आणि विळीवरून मान न उचलताच नवऱ्याला विचारलं, काल रात्री काय जेवलात? ओटीवर जाळं विणत बसलेल्या शिवा तांडेलाने कंटाळून उत्तर दिलं, पेज आणि सुका बांगडा. तिने समाधानाने मान डोलावली. आणखी एक विचार तिने वाचवला होता.

शिवाला गेल्या वर्षापासून विसर पडू लागला होता. रत्नागिरीच्या डॉक्टरांनी आजाराचं लांबलचक नाव सांगून गोळ्या दिल्या होत्या. गोळ्या बकुळा वेळेवर द्यायची, पण आजाराचं खरं नाव तिला सासूने, येसूबाईने, लग्नाच्या वर्षीच सांगून ठेवलं होतं. मनचाटे. ते दिसत नाहीत. माणूस माजघरात येऊन ‘मी कशाला आलो होतो?’ म्हणतो, तेव्हा त्यांच्यातला एक नुकताच जेवून उठलेला असतो. मात्र त्यांचं सोवळं कडक. तोंडातून एकदा बाहेर पडलेला विचार त्यांच्या लेखी उष्टा. उपाशी मरतील, पण त्याला शिवणार नाहीत. म्हणून ती नवऱ्याकडून रोज सगळं वदवून घ्यायची. या औषधाबद्दल तिला तसूभरही शंका नव्हती, आणि गाव हसतं म्हणून ते थांबवायला तिला वेळ नव्हता.

अडलं होतं ते एका खडकापाशी. पूर्णगडच्या खाडीतून बाहेर पडलं की समुद्रात पाण्याखाली एक खडक होता, तिथे तांबोशी हमखास गळाला लागायची. किनाऱ्यावरच्या खुणा जुळवूनच तो गाठता यायचा, आणि त्या खुणा एकट्या शिवाला ठाऊक होत्या. सोबतच्या खलाशालाही तो किनाऱ्याकडे पाठ करून बसवायचा. मुलगा दीपेश मुंबईची नोकरी सोडून होडी चालवायला आला होता. त्याच्या मोबाईलमध्ये नकाशा होता, पण नकाशात खडक नव्हता.

शिवाचं म्हणणं, बोललेली जागा गावाची होते. त्याच्या बापाने मरताना कानात सांगितलं होतं, तोही तसंच सांगणार होता. तोवर सांगायला काही उरायचं नाही, हे बकुळाला दिसत होतं. परवा तो अर्ध्या वाटेतून होडी वळवून घरी आला, वारा बरा नाही म्हणाला. वारा अगदी बरा होता.

तिने दीपेशला हाक मारून समोर बसवलं.

“खडकाची खूण मी सांगते तुला. किल्ल्याच्या बुरजाच्या उजव्या अंगाला कातळाच्या सड्यावरचा भेरली माड दिसला, की टाक गळ.”

शिवाच्या हातातली सुई थांबली. आयुष्यात त्याने पुष्कळ सोसलं होतं, चुकीची खूण कधी सोसली नव्हती.

“उजव्या नाय, डाव्या,” तो म्हणाला. “आणि नुसता माड घेऊन काय करशील? पलीकडल्या देवळाची पताका कड्याआड गेली पायजे. तवाच टाकायचा.”

दीपेशने बापाकडे पाहिलं, मग आईकडे. बकुळा मान खाली घालून खवले काढत होती. शिवाने मुलाला तेच परत म्हणायला लावलं, आणि ते म्हणून झाल्यावर आपण कसे फसलो हे ध्यानात येऊन स्वतःच हसू लागला.

बकुळाला फार आनंद झाला. त्या भरात तिने होडीचं नाव विचारलं, त्याच्या बापाचं विचारलं. होडी जलदेवी, बाप धोंडू. सगळं बरोबर.

“आणि माझं नाव?” तिने थट्टेने विचारलं.

“तुजं काय,” शिवा म्हणाला, “अगो.”

“अगो नाय. नाव.”

तो हसत राहिला. मग हसणं थांबलं. सुई त्याने उगाच इकडची तिकडे ठेवली.

बकुळाने विळी बाजूला सारली. बेचाळीस वर्षं घरात ‘अगो’, चारचौघांत ‘दीपेशची आय’. लग्नात नाव घ्यायची वेळ आली, तेव्हा हा गडी लाजून मांडवातून उठला आणि होडीत जाऊन बसला. ती गोष्ट ती आजवर कौतुकाने सांगत आली होती. साऱ्या घराची राखण केली, आणि त्याच्या तोंडून कधीच न निघालेलं स्वतःचं नाव तेवढं मनचाट्यांपुढे उघड्या ताटासारखं राहिलं.

पण ती रडत बसणाऱ्यातली नव्हती. दीपेशला तिने बर्फ आणायला पिटाळलं, हात धुतले आणि नवऱ्यासमोर येऊन बसली.

“बकुळा,” ती म्हणाली. “म्हणा.”

कोणी ऐकत नाही ना, म्हणून त्याने आधी दाराकडे पाहिलं.

“बकुळा.”

“परत.”

“बकुळा.” त्याच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या.

रोज सकाळी चहाच्या आधी हे म्हणायचं, असं तिने बजावलं. त्याने कबूल केलं. ती उठायला गेली आणि पुन्हा खाली बसली. नवऱ्याचं नाव विचारलं, की रेशनच्या दुकानातसुद्धा ती मुकाट्याने कार्ड पुढे करायची. मनचाटे काही एकाच माणसावर थांबणारे नव्हते. तिने डोक्यावरचा पदर सारखा केला.

“शिवा,” ती म्हणाली.

“ओ,” तो म्हणाला.