आपल्या जबाबदारीवर

आमच्या कारखान्यात शिड्या तयार होतात आणि त्या शिड्यांवरचा मजकूर मी लिहितो. ‘सर्वांत वरच्या पायरीवर उभे राहू नये’ हे माझंच. अठरा वर्षांपूर्वी ते लिहून दाखवलं तेव्हा साहेबांनी विचारलं होतं, ‘कोणी उभं राहू नये?’ मी म्हटलं, ‘ते लिहायचं नसतं साहेब. कोणाचं नाव घातलं की लोक विचारतात, आम्हीच का? नुसतं नये म्हटलं की आभाळातून आल्यासारखं वाटतं.’ साहेबांना ते पटलं. हळूहळू फलक, सूचना, परिपत्रकं असं कारखान्यातलं सगळं लिखाण माझ्याकडे आलं, आणि माझं नाव मागे पडून लोक मला ‘मजकूर’ म्हणू लागले. बायकोच्या माहेरीही आता हेच नाव चालतं.

माझी खरी कामगिरी मात्र ‘आपण’ची. फाटकावर आधी फलक होता, ‘तुम्ही वेळेवर यावे.’ त्याच्याखाली कोणीतरी पेन्सिलने ‘आणि तुम्ही?’ असं लिहून ठेवलं होतं. मी तो बदलून ‘आपण वेळेवर येऊ या’ असा केला. पंधरा दिवसांत उशिरा येणारे निम्म्यावर आले. साहेब पूर्वीसारखेच अकराला येत राहिले, पण पेन्सिल पुन्हा कोणी उचलली नाही.

‘आपण’ हा शब्द तीन दारांच्या खोलीसारखा आहे. आपण म्हणजे आदराने तुम्ही, आपण म्हणजे तुम्ही-आम्ही मिळून, आणि आपण म्हणजे ज्याचा तो. आत सगळे एकत्र शिरतात, पण कोण कोणत्या दाराने सटकलं ते नंतर सांगता येत नाही. घरी मला याचा रोजचा सराव आहे. बायको म्हणते, ‘आपल्याला माळा आवरायला हवा.’ बोलणं बहुवचनी, माळ्यावर चढणारा एकवचनी.

तर, त्या सोमवारी साहेबांनी बोलावलं. रंगकाम आजवर मागच्या आवारात, वर छप्पर आणि चारी बाजू मोकळ्या अशा जागेत चालत होतं. ती जागा ट्रक उभे करायला हवी होती. म्हणून रंगकाम जुन्या गोदामात हलवायचं ठरलं. गोदामाला नाव ‘नवी शेड’ दिलं होतं. (हे नाव माझं नाही.) चारही बाजूंनी पत्रा, एक शटर, खिडकी एकही नाही. रंगाची वाफ बाहेर खेचणारे पंखे ‘मागवले आहेत’ असं साहेब म्हणाले. आमच्याकडे ‘मागवले आहेत’चा अर्थ, कोणाच्या तरी मनात येऊन गेलं आहे.

रंगाऱ्यांकडून संमती हवी होती. साहेबांनी स्वतःच कागद लिहिला होता: ‘मी नव्या शेडमध्ये स्वतःच्या जबाबदारीवर काम करीत आहे.’ तेवीस रंगारी, एकानेही सही केली नव्हती. त्यांच्यातले सर्वांत जुने नाना म्हणाले होते म्हणे, ‘स्वतःच्या वाचलं की पेन पुढे सरकत नाही.’

‘मजकूर,’ साहेब म्हणाले, ‘यातलं टोचणारं काढा.’

मी ‘स्वतःच्या’ खोडलं आणि वर ‘आपल्या’ लिहिलं. मी आपल्या जबाबदारीवर काम करीत आहे.

साहेबांनी दोनदा वाचलं. ‘अर्थ तोच ना?’

‘अर्थ तोच. ऐकू वेगळा येतो.’

साहेब हसले. ते हसले की मला बसल्याजागी खुर्ची हलल्यासारखी वाटते.

मंगळवारी कागद वाटले. शुक्रवारी सकाळपर्यंत सह्या करून द्यायचे होते. जेवणाच्या सुट्टीत नाना सगळ्यांना समजावून सांगत होते, ‘आता बरोबर आहे. आपल्या म्हणजे आपल्या सगळ्यांच्या. कंपनी आली त्यात.’ मी माझा डबा घेऊन जरा लांब जाऊन बसलो. आपलं काम फत्ते झालं की लेखकाने तिथे थांबू नये.

पण रंगाऱ्यांमध्ये माझा मेहुणाही आहे. बायकोचा धाकटा भाऊ. नऊ वर्षं शिड्यांना नारिंगी रंग मारतो आणि दोन वर्षं खोकतो. खोकल्याला तो सवय म्हणतो. डॉक्टर दुसरं काहीतरी म्हणतात, आणि बंद जागेत रंगाजवळ जायचं नाही हेही म्हणतात. पण डॉक्टरांकडे दुसरी नोकरी नाही.

गुरुवारी संध्याकाळी तो घरी आला. कागद चार घड्या घालून खिशात ठेवलेला. नखं नारिंगी.

‘भाऊजी, हे आपल्या म्हणजे कोणाच्या?’

‘नाना काय म्हणाले?’

‘नाना काय म्हणाले ते मी ऐकलंय. मी लिहिणाऱ्याला विचारतोय.’

बायको कपड्यांच्या घड्या घालत होती. तिचा हात थांबला. ‘अहो, हे तुम्ही लिहिलंय?’

‘शब्द माझा आहे. म्हणणं कंपनीचं.’

‘म्हणजे चोराला हातमोजे शिवून दिले, चोरी नाही केली.’

मी चष्मा पुसला. चष्मा स्वच्छच होता.

‘बघ,’ मी मेहुण्याला म्हटलं, ‘वाक्य मीपासून सुरू होतं, म्हणून आपल्या हे मीकडेच वळतं. मी आपल्या घरी गेलो, म्हणजे माझ्याच घरी.’

‘मग उद्या मी त्या पत्र्याच्या शेडमध्ये चक्कर येऊन पडलो तर?’

‘तर तू पडलास.’

तो खोकला. मुद्दाम खोकला असता तर मला बरं वाटलं असतं.

‘आणि नाना सांगतात ते?’

‘तेही चूक नाही. शब्दात तो अर्थ आहे. पण भांडण झालं तर निकाल द्यायला नाना बसणार नाहीत.’

‘म्हणजे शब्द एक, आणि आमच्यासाठी एक अर्थ, साहेबांसाठी दुसरा.’

‘तिसराही आहे,’ मी म्हटलं. जित्याची खोड.

‘हे सगळं तुम्हाला सोमवारीच ठाऊक होतं,’ बायको म्हणाली. वाक्याच्या शेवटी प्रश्नचिन्ह नव्हतं. अशी वाक्यं मला ओळखू येतात.

‘ताई, जाऊ दे,’ मेहुणा म्हणाला. ‘भाऊजींना पण नोकरी आहे. मी नाही सही करणार, बस.’

‘आणि बाकीचे बावीस करतील,’ ती म्हणाली. ‘मग एकट्यालाच घरी बसवायला त्यांना कितीसा वेळ लागतोय? अहो, बदला ना तो शब्द.’

‘छापून झालाय. आता बदलला तर का बदलला ते सांगावं लागेल.’

‘सांगा की.’

‘काय सांगू? आधी फसवत होतो, म्हणून?’

तिच्या हातात एकाच टॉवेलची तिसऱ्यांदा घडी झाली. मला ते बघवेना, म्हणून उगाच आपलं काहीतरी बोलायचं म्हणून मी बोललो, ‘खरी गोम त्या शब्दात नाहीच. कागदाला मायना नाही, ही गोम आहे.’

‘मायना?’

‘पत्राच्या वर लिहितात तो. माननीय अमुक. मायना असता तर या कागदाचं पत्र झालं असतं. आणि पत्रात आपल्या म्हणजे ज्याला लिहिलं त्याच्या. आपल्या आज्ञेवरून, आपल्या परवानगीने, असं लिहितो ना, तसं.’

मेहुण्याने कागद उलगडला आणि मांडीवर सपाट केला. छापलेल्या ओळीच्या वर दोन बोटं जागा कोरी होती. मी प्रत्येक कागदावर ती सोडतो. दिसायला बरं दिसतं.

बराच वेळ त्याने त्या दोन बोटांकडे पाहिलं. मग विचारलं, ‘भाऊजी, माननीयला वेलांटी पहिली की दुसरी?’

मी बायकोकडे पाहिलं. ती टॉवेलकडे पाहत होती. शुद्धलेखन विचारलं तर सांगावं, एवढं माझ्या कामातच बसतं.

‘दुसरी,’ मी म्हटलं.

शुक्रवारी सकाळी तेवीस कागद साहेबांच्या टेबलावर गेले. तेवीसही सहीसकट. आणि प्रत्येकाच्या वर, रंगाऱ्यांच्या त्या घोटीव अक्षरात, ‘माननीय साहेब,’. सगळ्या वेलांट्या दुसऱ्या. नानांनी तर सहीच्या वर ‘आपला नम्र’ असंही जोडलं होतं. साहेब खूश झाले. मला बोलावून दाखवलं. ‘बघा मजकूर, नवीन जागेचं सांगितलं तरी माणसं आदर सोडत नाहीत.’ माझ्यासमोर त्यांनी एकेका कागदावर ‘मिळाले’ लिहिलं, खाली झोकात सही केली, आणि प्रत्येकाची एक प्रत त्या त्या रंगाऱ्याला परत द्यायला सांगितली. आदराची पोच आदराने द्यावी, असं म्हणाले. मी त्यांना थांबवलं नाही. थांबवू नये, असं कुठे लिहिलेलंही नव्हतं.

दुपारी कंपनीचे वकील आले. ते वाचण्याचेच पैसे घेतात, त्यामुळे त्यांनी वाचलं. अर्ध्या तासाने मला पुन्हा बोलावणं आलं. वकील गेले होते. कागद पंख्याच्या वाऱ्याने उडू नयेत म्हणून त्यांच्यावर एक पेपरवेट होता. साहेबांनी तो उचलला आणि हातातच धरून ठेवला.

‘हा मायना कुठून आला?’

‘आदरापोटी आला असेल, साहेब.’

‘तेवीस जणांना एकाच दिवशी?’

‘साथ असते.’

‘वकील म्हणतात, या कागदाने सगळी जबाबदारी माझ्यावर येते. आणि ती मिळाली म्हणून मीच सही केली आहे. तेवीस वेळा.’

‘आपल्या या शब्दात तो अर्थ आहे खरा.’

‘तुम्ही म्हणाला होतात, अर्थ तोच.’

‘ऐकू वेगळा येतो, हेही म्हणालो होतो.’

साहेबांनी माझ्याकडे नीट पाहिलं. अठरा वर्षांत त्यांनी मला इतका वेळ वाचलं नव्हतं. ‘तुमचा मेहुणा रंगकामात आहे ना?’

‘आहे.’

‘त्याला शिकवलंत?’

‘मी फक्त वेलांटी सांगितली.’

हे खरं होतं. म्हणूनच बहुधा त्यांचा अजिबात विश्वास बसला नाही.

‘नवे कागद काढा,’ ते म्हणाले. ‘स्वतःच्या लिहा. वर जागा सोडू नका.’

‘काढतो. पण आता ते प्रत्येक शब्द खालीवर करून बघतील. सही नाही करणार. पहिल्या कागदाची पोच तर त्यांच्या खिशात आहे.’

साहेबांनी पेपरवेट टेबलावर ठेवला. ‘मग आता काय करायचं आपण?’

तो शब्द त्यांच्या तोंडून नकळत निघाला. मी वाट पाहिली नाही. ‘पंखे लावू या, साहेब. आणि ते येईपर्यंत आपण आवारातच रंगवू या.’

‘आपण म्हणजे कोण?’

इतक्या वर्षांत हा प्रश्न त्यांनी पहिल्यांदा विचारला.

‘आपणच,’ मी म्हटलं.

सात आठवडे ट्रक रस्त्यावर उभे राहिले. मग पंखे आले, मोठे, चार. ते चालू करून, नानांनी आगपेटीची काडी ओढून धूर कुठे जातो ते पाहिलं आणि मगच रंगाचे डबे आत गेले. मेहुण्याला साहेबांनी आवारातच ठेवलं, शिड्या मोजायला. तो अजून खोकतो, पण उघड्यावर. बायकोने मला माळ्याबद्दल महिनाभर काही म्हटलं नाही. ही माफी होती की शिक्षा, ते मी विचारलं नाही.

काल माझ्या टेबलावर एक पाकीट होतं. आत कागद. ‘आपल्या कामाचा आपण लवकरच आढावा घेऊ.’ एवढंच. वर मायना नाही, खाली सही नाही. आणि ओळ अगदी वरच्या काठाला चिकटवून छापलेली, की तिथे मुंगीनेही काही लिहू नये.

मी तो घरी नेला. बायकोने उभ्या उभ्या वाचला, उलटून पाहिला, उजेडाकडे धरला.

‘साहेब शिकलेत हो,’ ती म्हणाली. ‘तुमच्याकडूनच.’