बिल्ल्यावरचा आकडा

आमच्या प्रयोगशाळेत रुजू होणाऱ्याला पहिल्या दिवशी तासभर मापनखोलीत बसवत. त्याच्या अंगातून किती ऊब बाहेर पडते ते मोजत आणि तो आकडा पितळी बिल्ल्यावर कोरून छातीला लावत. पुढे कुठल्याही प्रयोगात खोलीतली एकूण ऊब मोजायची, हजर माणसांच्या बिल्ल्यांवरचे आकडे त्यातून वजा करायचे; उरेल ती भट्टीची. पद्धत सोपी होती. कागदावर वजा झालेल्या माणसाला पुन्हा मोजायची वेळ कधी येत नसे.

माझ्या मोठ्या बहिणीच्या बिल्ल्यावर चौऱ्याऐंशी होते.

ताईच्या भट्टीत कोळसा नव्हता, सरपण नव्हतं. अक्रोडाएवढा एक दगड होता, आणि तो मंत्राने जागवायला तिला अकरा वर्षं लागली होती. पुढचे दगड याच्यावरूनच पेटवायचे, दिव्याने दिवा लावावा तसे. मात्र हा विझला तर सगळं पुन्हा पहिल्यापासून. दहा महिने तो अखंड धगधगत होता आणि ताई त्याच्याशेजारी टेबल टाकून बसत होती, रात्री तिथेच झोपत होती. बाहेर थंडी हटत नव्हती; लोक खिडक्यांच्या चौकटी जाळायला लागले होते. दुसऱ्या दिवशी ही पहिली भट्टी लहान मुलांच्या दवाखान्यात बसणार होती, आणि ताईचं नाव गावभर झालं होतं.

सकाळी मी तिला चहाचा कप दिला, तेव्हा तिची बोटं माझ्या बोटांना लागली.

"ताई, हात बर्फ झालाय तुझा."

"भट्टीपाशी बसून कोणी गारठतं का, काटकोना?" मी ताठ बसते म्हणून लहानपणापासून ती मला काटकोन म्हणायची. "मोज एकदा मला. त्याशिवाय काही तुझा जीव थाऱ्यावर येणार नाही."

खोली झाडायला मावशी आल्या, तेवढ्यात मी तिला मापनखोलीत नेऊन मोजलं. एकतीस.

"यंत्र बिघडलंय तुझं," म्हणत ती भट्टीपाशी परतली.

मी स्वतः मापनखोलीत बसले. माझं काम भट्टीच्या खोलीबाहेर, काचेच्या अलीकडे, मापकापाशी. बिल्ल्यावर एकोणऐंशी, यंत्रावर एकोणऐंशी. मग रोज भट्टीपाशी झाडणाऱ्या मावशींना बसवलं. त्यांचे शहात्तरचे अठ्ठावन्न झाले होते.

"मला वाटलं, वय झालं," मावशी म्हणाल्या.

ताईने दोन्ही आकडे कागदावर लिहिले. मग म्हणाली, "रिकाम्या खोलीत आपण भट्टी कधी चालवलीच नाही."

"गरजच पडली नाही. वजाबाकी होती ना."

"आणि विझली तर?"

मी मापकापाशी गेले. ताईने टेबलावरचे कागद उचलले, खोलीबाहेर आली आणि दार ओढून घेतलं.

मापकाचा काटा नऊशेवर होता. पाच मिनिटांत सातशेवर आला. काचेपलीकडे दगडाचा पांढरा उजेड पिवळा पडला होता.

तेवढ्यात संचालक आले. त्यांच्या पाठीमागे आम्ही त्यांना घाईसाहेब म्हणायचो. "काय चाललंय हे? उद्या दवाखान्यात न्यायचीय!"

दगड जवळच्या माणसांची ऊब ओढून जळतो, हे मी तीन वाक्यांत सांगितलं. मला वाटलं होतं, ते मटकन खाली बसतील.

"म्हणजे जवळ माणूस लागतो," ते म्हणाले.

"हो."

"मग मुलांपाशी नको. मोठी माणसं बसवू, पाळीपाळीने." त्यांनी खिशातून पेन काढलं. "एक माणूस किती दिवस पुरतो?"

उत्तर माझ्याकडे तयार होतं. ताईचा आकडा पाहिल्यापासून मी दुसरं काही केलंच नव्हतं. भट्टी चालू राहिली तर तिला सहा महिने. मी मापकाकडे वळले.

काटा चारशेवर आला.

"मावशी, आत जा जरा," घाईसाहेब म्हणाले. "काही करायचं नाही. नुसतं उभं राहायचं."

मावशींनी झाडू भिंतीला टेकवला आणि पदर खोचला. साहेबांनी सांगितलेलं काम त्यांनी आजवर टाळलं नव्हतं. त्या दारापाशी पोचण्याआधी ताईने कुलूप लावलं, किल्ली मुठीत घेतली आणि दाराला पाठ लावून उभी राहिली.

"बाई, वेड लागलंय का तुम्हाला? या आठवड्यात तीनशे माणसं थंडीने गेली. पुढच्या आठवड्यात जास्त जातील."

"माहीत आहे मला."

"मग ती तुमच्या माथी येतील!"

"येऊ देत." तिचे ओठ निळसर पडले होते. "वाच गं तू."

चालू मापन मोठ्याने वाचायचं, हा आमचा नियम. मी वाचू लागले. दोनशे दहा. एकशे साठ. घाईसाहेबांनी तिचं मनगट धरलं आणि लगेच सोडलं. तिच्या हाताला आपला हात लावून ठेवणं त्यांना जमेना. नव्वद. चाळीस. मावशी माझ्यामागे येऊन उभ्या राहिल्या होत्या.

शून्य म्हणताना माझा आवाज नेहमीसारखाच निघाला.

आत दगड काळा पडला होता. घाईसाहेब तोंडावर हात ठेवून काचेकडे बघत राहिले.

"बाहेर लोक वाट बघतायत," शेवटी ते म्हणाले. "काय सांगू त्यांना?"

ताईने किल्ली त्यांच्या हातात दिली.

"मी विझवली म्हणून सांगा," ती म्हणाली. "माझं नाव त्यांना पाठ आहे."